तेरा महिन्यांचं कासव

“हात लावून बघा. घाबरू नका, हे तुमच्यापेक्षा आळशी आहे,” वैरागडे सर म्हणाले आणि त्यांनी कासव उताणं करून टेबलावर ठेवलं.

पोरं हसली. कासवानं मान लांब काढली, टेबलाला तोंड टेकवून सुलटं व्हायला जोर लावला. जमलं नाही. पाय हवेत हलत राहिले. मी फळ्याजवळ ओलं फडकं घेऊन उभा होतो.

“यानं शेवटचं खाल्लं त्याला किती दिवस झाले? सांग रे सोमाजी.”

“पाच महिने झाले जी, सर.”

“ऐकलं? पाच महिने! तुम्हाला एक वेळचा डबा चुकला की तुम्ही घरी पत्र लिहिता.”

मागच्या बाकावरून कोणीतरी म्हणालं, “सर, याला आमच्या मेसवर पाठवा. तिथं न खाणाऱ्याचीच गरज आहे.”

सरही हसले. ते चांगले शिकवत, हे मला आजही नाकारता येत नाही. त्यांनी फळ्यावर एक लांबलचक शब्द लिहिला आणि मोठ्यानं म्हटला, “ब्रॅडिमेटाबॉलिझम. ब्रॅडी म्हणजे मंद. मराठीत मंद चयापचय म्हणा. उंदीर, चिमणी, आपण, यांच्या अंगात भट्टी असते. झोपेतसुद्धा ती धगधगत असते, म्हणून सारखं सरपण लागतं. कासव, साप, मगर यांच्या अंगात भट्टी नाही. राखेखाली दाबलेला निखारा आहे. आणि हा शब्द कुठं वापरायचा नाही तेही लिहून घ्या. अस्वल थंडीत झोपलं म्हणून त्याला हे नाव लावू नका. ते उठलं की त्याची भट्टी पुन्हा पेटते. जो जागा असतानाही, नुसता स्वस्थ बसलेला असतानाही मंदच जळतो, त्याच्यासाठी हा शब्द आहे.”

पोरांनी लिहून घेतलं. मला तेव्हा माझं नावही लिहिता येत नव्हतं, पण तो शब्द मला तोंडपाठ झाला. दर वर्षी ऐकून ऐकून मी तो भांडी विसळताना म्हणायचो.

त्याच दिवशी सकाळी सात वाजता मी त्या कासवाला अर्धा मासा आणि चार गोगलगायी खाऊ घातल्या होत्या.

मी ढिवराचा, मासे धरणाऱ्यांच्या घरातला. आमचं गाव वैनगंगेपासून कोसभर, भोवती बोड्याच बोड्या. बोडी म्हणजे धानाच्या पाण्यासाठी बांधलेलं लहान तळं. तालुक्याला कॉलेज निघालं तेव्हा प्रयोगशाळेला बेडूक, मासे, खेकडे आणून देणारा माणूस पाहिजे होता. मी आणून देऊ लागलो, आणि देता देता तिथंच झाडू मारू लागलो. नऊ वर्षं झाली तरी हंगामीच होतो. दर उन्हाळ्यात कमी करत, पाऊस लागला की परत घेत. कायम व्हायचं तर वैरागडे सरांनी शिफारस लिहायला हवी होती. ते खात्याचे प्रमुख होते. त्यांच्या एका ओळीवर माझं घर उभं राहणार होतं, हे मला माहीत होतं, आणि मला माहीत आहे हे त्यांनाही माहीत होतं.

ते कासव मीच धरलं होतं. वैशाखात बोडी आटते, वरचा गाळ फुटून त्याच्या खापऱ्या होतात. आम्ही लोखंडी सळई घेऊन गाळात टोचत फिरतो. सळई भसकन आत गेली तर नुसता चिखल. ठक् झालं की कासव. हातभर खोल, ओल्या गार गाळात ते डोळे मिटून पडलेलं असतं. पाऊस पडेपर्यंत खाणं नाही, पिणं नाही. काढून हातावर ठेवलं तर मेलं की जिवंत, ते कळायला नख टोचून बघावं लागतं.

हे मीच सरांना सांगितलं होतं. त्यांचे डोळे चमकले. “मग आपण हे नोंदवू,” ते म्हणाले. “किती दिवस राहतं ते बघू.”

त्यांनी कासव पत्र्याच्या पिंपात ठेवायला सांगितलं, तळाला दोन बोटं पाणी. पिंप खिडकीखाली, म्हणजे वर्गातल्या पोरांना दिसेल. दर सोमवारी सर वजन करायचे, वहीत लिहायचे, आणि पानाच्या खाली माझा अंगठा घ्यायचे. “तू साक्षीदार,” म्हणायचे. मला बरं वाटायचं. आमच्या घराण्यात कोणाला कोणी साक्षीदार केलं नव्हतं.

पण गाळातलं कासव वेगळं आणि पिंपातलं वेगळं. पिंपात उजेड होता. दुपारी पत्रा तापायचा, पाणी कोमट व्हायचं. पोरं येता-जाता पिंपावर टिचक्या मारायची. महिनाभरात ते पत्र्याला नखं घासू लागलं. दिवसभर खरड्, खरड्. मी काचेच्या नळ्या धुवायचो आणि तो आवाज माझ्या दातांत बसायचा. दीड महिन्यानं त्याच्या मांडीची कातडी सैल होऊन लोंबायला लागली. डोळे आत गेले.

घरी मी भागरताला, माझ्या बायकोला, सगळं सांगितलं. निखाऱ्याचंही सांगितलं. ती चुलीसमोर बसली होती. तिनं राख बाजूला केली, निखारा वर काढला, त्यावर गोवरीचा तुकडा ठेवला.

“तुमच्या सायबाले एवढं शिकून समजत नाही काय? निखाऱ्याले बी गोवरी लागते.”

“त्यायले वाटते, लागत नाही.”

“मंग त्यायले पिंपात बसवा.”

दुसऱ्या दिवशी तिनं चिंधीत बांधून गोगलगायी दिल्या. मी झाडायला सात वाजता जायचो, सर दहाला यायचे. मध्ये तीन तास कासवाचे आणि माझे. पहिल्यांदा त्यानं माझं बोट धरलं, मग गोगलगाय. खाल्लं की मी पाणी बदलायचो, पिंप घासायचो, वास राहू नये म्हणून फिनेल फिरवायचो. उन्हं चढली की पिंपावर ओलं पोतं टाकायचो आणि सर येण्याआधी काढायचो.

चार सोमवार गेले. सरांनी काट्याकडे पाहिलं, पुन्हा पाहिलं. घसरत आलेलं वजन थांबलं होतं.

वाटलं, आता विचारणार. पण सर माझ्याकडे न बघता म्हणाले, “सोमाजी, याच्या शरीरानं जुळवून घेतलं रे! आणखी मंद झालं!” आणि त्यांनी माझ्या पाठीवर थाप मारली. नऊ वर्षांत पहिल्यांदा त्यांनी मला हात लावला होता.

त्या दिवशी बोललो असतो तर एक कासव आणि एक नोकरी, एवढंच गेलं असतं.

पुढं सरांनी त्या कासवावर निबंध लिहिला. नागपूरला वाचला, तिथं मोठ्या लोकांनी टाळ्या दिल्या. परत आले ते हुकूम सोडतच. “एका कासवावर शास्त्र उभं राहत नाही. अजून आण.”

थंडी सरता सरता मी अकरा कासवं धरली. अकरा पिंपं भिंतीला लागून मांडली. पहिलं खिडकीखाली होतंच. आता बाराजणांना चोरून चारायचं म्हणजे खेळ नव्हता. भागरता आणि मी पहाटे बोडीत उतरायचो. एकाला दिलं की दुसऱ्याचा वार चुकायचा. तीन दिवसांनी एकेकाची पाळी यायची. घाण एवढी व्हायची की झाडून, धुऊन माझे हात फाटले. एकदा सर दारातच थबकले. “वास कसला रे?” मी म्हणालो, “उंदीर मेला असेल जी.” सरांनी नाकाला रुमाल लावला आणि पुढं गेले. त्यांनी वाकून एका पिंपात बघितलं असतं तर माशाचं शेपूट तरंगताना दिसलं असतं. ते वाकत नसत. वजन मीच काट्यावर ठेवायचो, ते फक्त आकडा वाचायचे.

चैत्रात सरांनी मला घरी बोलावलं. मी ठरवूनच गेलो होतो. उन्हाळ्याच्या सुट्टीत मला दरसालाप्रमाणे कमी करणार, प्रयोगशाळेला कुलूप लागणार. गेल्या उन्हाळ्यात सर स्वतः दर सोमवारी यायचे म्हणून किल्ली माझ्याकडे राहिली होती. या वर्षी ते मुलीच्या बाळंतपणाला पुण्याला जाणार होते.

सर झोपाळ्यावर बसून सुपारी कातरत होते. मी उंबऱ्याशी उभा राहिलो.

“बस रे. आत ये. चहा घेणार?”

“नको जी. मी काय म्हणतो सर, कासवं दोन महिने बोडीत सोडू. म्हणजे सोडायची नाही, गाळात पुरू. खूण करून ठेवतो. तिथं गार राहते. न खाता राहतील, खरंच राहतील. पाऊस पडला की मी एकेक काढून आणतो.”

“आणि नोंद? गाळातल्या कासवाचं वजन कोण करणार, बेडूक?”

“पण पत्र्यात ऊन...”

“गेल्या वर्षीचा उन्हाळा पहिल्या कासवानं त्याच पत्र्यात काढला की नाही? तूच साक्षीदार आहेस.”

इथं माझं तोंड उघडलं होतं. खरंच उघडलं होतं. ‘सर, मी त्याला चारत होतो’, एवढेच शब्द. सरांनी अडकित्ता खाली ठेवला, उशीखालून एक कागद काढला आणि माझ्यापुढं धरला.

“हे घे. कायम केलं तुला. सहा आठवडे नागपूरला शिकायला जावं लागेल, नियम आहे. सोमवारी नीघ. पिंपांत पाणी वरपर्यंत भरून जा, पुरेल.”

आतून बाईंनी चहा आणला. कपबशीतला, माणसांचा. मी तो प्यायलो. मग सरांनी शाईची डबी पुढं केली आणि मी कागद मिळाल्याचा अंगठा दिला. त्या चहाची चव मला अजून येते. आली की थुंकावंसं वाटतं.

सोमवारी जाताना मी पिंपं भरली. प्रत्येकात जमेल तेवढे मासे टाकले. ते दोन दिवसांत सडणार हे मी ढिवराचा असून मला कळत नव्हतं असं नाही. मी माझ्या मनासाठी टाकले. सरांनी माझ्यासमोर कुलूप लावलं, किल्ली खिशात टाकली.

मिरगाच्या दुसऱ्या दिवशी परत आलो. सरही आदल्या दिवशी आले होते. आम्ही दोघांनी मिळून दार उघडलं.

वास आधी आला. तो नाकात नाही, घशात गेला. सर मागं सरले आणि पायरीवर ओकले. मी आत गेलो. पिंपांतलं पाणी केव्हाच आटलं होतं. तळाला काळा चिकट थर, त्यात कासवं. काही तळाशी, काही भिंतीला उभी, चढता चढता मेलेली. पत्र्यावर आतून ओरखडेच ओरखडे. डोळ्यांच्या जागी अळ्या वळवळत होत्या, मानेच्या कातडीखाली वळवळत होत्या, म्हणून एका कासवाची मान हलल्यासारखी वाटली आणि मी वेड्यासारखा त्याला हाक मारली. उचललं तर हातात पाठ आली, पोट पिंपातच राहिलं.

खिडकीखालचं पहिलं मात्र जिवंत होतं. वर्षभर खाल्लेलं होतं ते, अंगात चरबी होती. मी नख टोचलं तेव्हा त्यानं एक डोळा उघडला.

सर नाकाला अत्तराचा रुमाल लावून आत आले. मला वाटलं, आता काहीतरी बोलतील. अकरा पिंपांवरून नजर फिरवत ते खिडकीपाशी गेले.

“हे जगलं,” ते म्हणाले. “तेरा महिने! सोमाजी, तेरा महिने! काटा आण.”

“सर...”

“काटा आण रे आधी. आणि त्या बाकीच्यांची कवचं टाकू नको. उकळून साफ कर. कपाटात लावू.”

तेव्हा मी बोललो. अकरा जीव सडल्यावर, नोकरीचा कागद खिशात असताना बोललो.

“सर, याला मी चारत होतो. दुसऱ्या महिन्यापासून. सगळ्यांनाच चारत होतो. तुमचं वजन खोटं आहे.”

रुमाल त्यांच्या नाकावर तसाच राहिला. मग त्यांनी विचारलं, “कोणाकोणाला माहीत आहे?”

“मी आणि माझी बायको.”

“काय चारलंस?”

“मासे. गोगलगायी.”

“जातानाही टाकलेस?”

“होय जी.”

त्यांनी मान हलवली, जणू एखाद्या पोरानं बरोबर उत्तर दिलं. म्हणाले, “बरं झालं सांगितलंस. जाऊ दे. झालं ते झालं. मी लिहितो सगळं नीट, जसं झालं तसं.” बाहेर पायरीवर बसून त्यांनी वहीत अर्धं पान लिहिलं. मला बोलावलं. माझा हात काळ्या चिकट घाणीनं भरलेला होता. त्यांनी फक्त अंगठा पुसायला लावला, शाईत बुडवला आणि पानावर दाबला. मला वाटलं, खरं लिहून झालं. छातीवरचा दगड उतरला. मी मनात त्यांना देवमाणूस म्हटलं.

मग मी अकरा कवचं उकळली. डबक्यासारखा वास सुटला, तीन दिवस. ब्रशनं आतलं मांस खरवडलं, वाळवलं, रोगण लावलं. काचेच्या कपाटात ती चकाकायला लागली. पहिलं कासव मी पाऊस लागल्यावर बोडीत सोडलं. सरांनी हरकत घेतली नाही. त्यांचं काम झालं होतं.

पुढं सतरा वर्षं मी त्याच प्रयोगशाळेत होतो. सर डॉक्टर झाले, मग प्राचार्य. नव्या प्राध्यापकांच्या तोंडीही तेच, “आपल्याच कॉलेजातलं कासव तेरा महिने न खाता जगलं होतं.” मी फडकं घेऊन उभा असायचो. मला वाटायचं, सरांनी तर खरं लिहून ठेवलंय, मग हे असं का सांगतात? विचारायची हिंमत नव्हती.

मी एकावन्न वर्षांचा असताना ग्रंथालयातल्या सुलोचनाबाई लांजेवारांनी आम्हा शिपायांना वाचनालयात बसवून दुपारचा एक तास शिकवायला घेतलं. माळी आणि पहारेकरी महिन्याभरात पळाले. मी राहिलो. दीड वर्षानं मला जोडाक्षरं लागायला लागली. एक दिवस कपाट पुसताना कवचांखालची चिठ्ठी मी बोट ठेवून वाचली. ‘मंद चयापचय. नोंदवही क्रमांक चार पाहा.’

नोंदवही चार जुन्या पेटीत होती. ती घेऊन मी सुलोचनाबाईंकडे गेलो. म्हणालो, “मीच वाचतो जी. अडलं तर सांगा.”

पहिली पानं सोपी होती. तारीख, वजन, ‘अन्न : नाही’, खाली माझा अंगठा. तारीख, वजन, ‘अन्न : नाही’, अंगठा. पान उलटलं की अंगठा. पन्नास पानं. शेवटचं अर्धं पान वाचायला मला पाव तास लागला.

‘खिडकीजवळील कासव क्रमांक एक यास तेरा महिने अन्न दिले नाही. ते जिवंत आहे. कासव क्रमांक दोन ते बारा यांना प्रयोगशाळा सेवक सोमाजी मारबते याने माझ्या आज्ञेविरुद्ध कुजके मासे घातले, त्यामुळे ती विषबाधेने मेली. सदर सेवकास हे मान्य आहे.’

खाली माझा अंगठा. कडेला काळा डाग होता. तो शाईचा नव्हता.

मी वही नाकाजवळ नेली. वास खरंच आला की नुसता आठवला, मला सांगता येणार नाही. पण मी उठून खिडकीतून थुंकलो.

सुलोचनाबाईंनी माझ्या खांद्यावरून वाचलं होतं. त्या हळूच म्हणाल्या, “सोमाजी, हे खरं आहे?”

“मासे घातले होते. तेवढं खरं आहे.”

त्यांनी विचारलं, “खोडून टाकायचं?”

“खोडू नका बाई. पेन द्या.”

त्या अर्ध्या पानाच्या खाली जागा होती. पोरांचा तास सुटला, दुसरा भरला, तोही सुटला. माझी अक्षरं भाताच्या बांधासारखी वाकडी. मी लिहिलं, ‘पहिल्या कासवाला मी वर्षभर चारत होतो. तेरा महिने उपास खोटा. अकरा कासवं कुलपात ऊन लागून, पाणी आटून, उपाशी मेली. मला ठाऊक होतं. मला नोकरी पाहिजे होती म्हणून मी वेळेवर सांगितलं नाही. सोमाजी पांडुरंग मारबते.’

अंगठा दिला नाही. सही केली. सुलोचनाबाईंनी वही बंद केली आणि पेटीत न ठेवता ग्रंथालयाच्या उघड्या फळीवर ठेवली, जिथून कोणीही काढू शकेल.

संध्याकाळी घरी आलो. हात तीनदा धुतले. भागरतानं माशाचं कालवण केलं होतं, मी म्हटलं, नको. मग तिला सगळं सांगितलं, सरांनी काय लिहिलं होतं ते, मी काय लिहिलं ते. तिनं सगळं ऐकून घेतलं. चुलीतली राख तिनं निखाऱ्यावर ओढली.

“पहिल्याच दिवशी सांगतलं असतं तं एवढं लिवा लागलं नसतं,” ती म्हणाली, आणि ताट माझ्यापुढं सरकवलं.